राहण्यास योग्य

इमारत बांधून झाली की ती लगेच राहण्याजोगी होते असं नाही. आधी पाणीवाला येऊन सगळे नळ सोडून बघतो, मग वीजवाला येतो, मग आगवाला येऊन जिन्याची रुंदी मोजतो आणि नाक मुरडतो. सगळ्यांत शेवटी हवा तपासायला ताई जायची.

भावंडांत थोरली म्हणून ती घरात ताई होती. पुढे ऑफिसातही तेच नाव चिकटलं. बावीस वर्षं ती हे एकच काम करत होती. "हवा खायचा पगार घेणारी आपल्याकडची एकमेव बाई," अशी साहेब पाहुण्यांना तिची ओळख करून देत आणि दर वेळी स्वतःच हसत.

तिचं सगळं काम एका डबीवर चाले. तळहातावर मावेल एवढी पांढरी पेटी, पुढे छोटासा पडदा. ताई ती बंद घरात तीन दिवस ठेवून द्यायची. दर पाच मिनिटांनी डबी घरातली ऊब, ओल आणि माणूस श्वासातून बाहेर टाकतो त्या वायूचं प्रमाण टिपून ठेवी. बाहेरच्या मोकळ्या हवेत हे प्रमाण दहा लाखांत चारशेवीसच्या आसपास असतं. आकडाच असा, की नव्या माणसाला सांगितला की तो हसतोच. रिकाम्या घरात डबी चारशेवीस दाखवते. माणूस आत आला की आकडा चढतो, गेला की उतरतो. डबीला डोळे नाहीत, कान नाहीत. पण घरात किती जण होते, कधी आले, कधी झोपले, हे ती बिनचूक सांगते. ताई म्हणायची, डबी चहाडखोर आहे, खोटारडी नाही.

त्या वर्षी तिच्याकडे आली ती शहराच्या टोकाची इमारत. सात मजले, अठ्ठावीस घरं, सगळी विकली गेलेली. रंग झाला होता, दारांना कुलपं लागली होती, आणि माणसं राहण्याच्या दाखल्याची वाट बघत जिथे होती तिथेच थांबली होती. त्यांत पाचव्या मजल्यावरचं शेवटचं घर तिच्या धाकट्या भावाचं होतं.

"साहेब, तिथे माझ्या भावाचं घर आहे. दुसऱ्या कुणाला तरी पाठवा," ताई म्हणाली.

"दुसरं आहे कोण? एक बाळंतपणाच्या रजेवर, एकाचा पाय प्लास्टरमध्ये. आणि तुमची डबी काय नातीगोती बघते?"

ताईने फाइल उचलली. आणि खरं सांगायचं तर, तो दाखला लवकर निघावा असं तिलाही वाटत होतं. धाकटा, त्याची बायको आणि सात वर्षांची मुलगी एका लॉन्ड्रीच्या मागच्या दोन खोल्यांत राहत. लॉन्ड्रीची वाफ दिवसभर त्यांच्या खिडकीखाली सुटायची. भिंती बारा महिने ओल्या, कोपऱ्यांत काळी बुरशी. भावजय ती दर आठवड्याला घासून काढायची आणि पुढच्या आठवड्याला ती पुन्हा हजर. मुलीचं अंग इवलंसं, म्हणून तिला सगळे मुंगी म्हणत. मुंगीला दमा होता. ती झोपली की तिच्या छातीतून बारीक शिट्टी वाजत राही, आणि घरातली माणसं त्या शिट्टीकडे कान लावून झोपत. डॉक्टरांनी स्पष्टच सांगितलं होतं, "औषधं मी देईन, पण जागा बदला."

ताई इमारतीत पहिल्यांदा गेली ती एका कोरड्या, स्वच्छ सकाळी. फाटकापाशी पत्र्याच्या केबिनमध्ये म्हातारा रखवालदार बसला होता. त्याने किल्ल्यांचा जुडगा काढून दिला.

"आत कुणी झोपतं का? मजूर वगैरे?" ताईने नेहमीचा प्रश्न विचारला.

"मजूर जाऊन दोन महिने झाले."

"तुम्ही?"

"मी इथेच. केबिनमध्ये."

"एवढी मोठी इमारत मोकळी पडलीय, आणि तुम्ही या खोक्यात पाय मुडपून झोपता?"

म्हाताऱ्याने जुडग्यातली एक किल्ली वेगळी करून तिच्या हातात दिली. "लोकांच्या घरात कसं झोपायचं, बाई?"

"लोक कुठे आलेत अजून?"

"ही पाचव्या मजल्याची," तो म्हणाला. "जरा जड फिरते."

लिफ्ट सुरू झाली नव्हती. ताई जिना चढत एकेका मजल्यावर थांबत गेली. आठ घरं निवडून त्यांत तिने आठ डब्या ठेवल्या. खिडक्या बंद केल्या, दार लावून त्यावर कागदी पट्टी चिकटवली आणि पट्टीवर सही केली. सगळीकडे नव्या रंगाचा आणि त्याखालच्या लांबीचा तोच तो कोरडा, नाकाला झोंबणारा वास होता. फरश्यांवर पीठ चाळल्यासारखी धूळ बसली होती. तिच्या चपलांचे ठसे सोडले तर त्या धुळीवर एक रेघही नव्हती.

धाकट्याच्या घराचं दार उघडलं तेव्हा मात्र ती उंबऱ्यातच थबकली. रंगाच्या वासाखाली आणखी एक वास होता. सकाळी अंथरुणं काढायच्या आधी झोपायच्या खोलीत असतो तसा. ऊबदार, किंचित आंबूस, माणसाचा. सकाळपासून एकामागून एक घरांचा रंग हुंगून आपलं नाक बिघडलंय, असं तिने स्वतःला सांगितलं, डबी फडताळात ठेवली आणि पट्टी लावून ती खाली उतरली.

तीन दिवसांनी पट्ट्या जशाच्या तशा होत्या. धूळही तशीच. ऑफिसात येऊन तिने डब्या एकेक करून कॉम्प्युटरला लावल्या आणि पहिल्या घराची रेघ बघून तिला वाटलं, डब्यांची अदलाबदल झाली. कुठल्यातरी राहत्या घराची नोंद आहे ही. आकडा आठशेच्या वर होता.

दुसऱ्या घरात नऊशे. तिसऱ्यात सातशे. आठपैकी एकाच घरात चारशेवीस होते.

ताई घाबरली नाही. बावीस वर्षांत तिने पाली शिरलेल्या डब्या पाहिल्या होत्या, गॅसची गळती पाहिली होती, लपून राहणारी माणसं पाहिली होती. नवं काँक्रीट हा वायू उलट शोषून घेतं, त्यामुळे आकडा पडला तर पडायला हवा, चढणार नाही, हेही तिला माहीत होतं. तेव्हा दोष डब्यांचाच. तिने आठही डब्या गच्चीवर मोकळ्या हवेत ठेवल्या. आठही मुकाट्याने चारशेवीसवर आल्या. रिकाम्या कपाटात ठेवल्या, तरी चारशेवीस. मग तिने आपल्या टेबलाच्या खणात एक डबी ठेवली आणि खणात तोंड घालून श्वास सोडला. आकडा झरझर चढला. शेजारच्या टेबलावरचा कारकून चष्म्यावरून बघत राहिला.

"खणाला दमा झालाय," ताई म्हणाली.

ती पुन्हा इमारतीत गेली. या वेळी तिने डब्या घरांत उलटसुलट ठेवल्या, म्हणजे दोष डबीचा असेल तर डबीबरोबर फिरेल. दारांना दुहेरी पट्ट्या लावल्या. खिडक्यांच्या फटींवरही चिकटवल्या. तीन दिवसांनी पुन्हा तेच. दोष डबीबरोबर फिरला नव्हता. तो घरातच होता.

आता तिने रेघा नीट बघितल्या. त्या नुसत्या चढलेल्या नव्हत्या. सकाळी साडेआठ-नवाला उतरत होत्या, संध्याकाळी सहाला चढत होत्या, पहाटे सपाट होत होत्या. दुसऱ्या मजल्यावरच्या एका घराची रेघ दिवसभर हलतच नव्हती, घर सोडून कुठे न जाणाऱ्या माणसांसारखी. चौथ्या मजल्यावरची दुपारी दीडला झटकन वर जायची, शाळा सुटल्यासारखी.

साइट इंजिनिअरकडून तिने घरं घेणाऱ्यांची यादी मागवली. प्रत्येक नावापुढे घरात किती माणसं राहणार तेही लिहिलेलं होतं. एका माणसामागे आकडा किती चढतो, हे गणित तिच्या बोटांवर होतं. तिने पेन्सिल घेतली. दुसरा मजला: दोघं, दोघंही निवृत्त. चौथा मजला: सहा जण, त्यांत शाळेत जाणारी दोन मुलं. पाचवा मजला, शेवटचं घर: तिघं. प्रत्येक आकडा यादीशी जुळत गेला.

फक्त एक घर चुकलं. तिसऱ्या मजल्यावरचं, जिथे डबीने दोन्ही वेळा चारशेवीस दाखवले होते. यादीत तिथे एक माणूस होता. ताईला एवढं बरं वाटलं की तिने लगेच इंजिनिअरला फोन लावला.

"तिसऱ्या मजल्यावर एक गृहस्थ आहेत ना, एकटे?"

"होते," तो म्हणाला. "मागच्या महिन्यात वारले. त्यांच्या भाच्याने कळवलं होतं. यादीतून नाव काढायचं राहिलंय. का हो?"

"काही नाही," ताई म्हणाली.

हे कुणाला सांगायचं आणि काय सांगायचं? साहेबांना सांगितलं तर ते म्हणाले असते, रजा घ्या. रविवारी दुपारी ती धाकट्याकडे गेली. तो वेधशाळेत काम करायचा. दुसऱ्या सूर्यांभोवती फिरणाऱ्या ग्रहांची हवा तपासणं हे त्याचं काम. बहीणभाऊ दोघंही हवेवरच जगतात, असा त्यांच्याकडे जुना विनोद होता. खाटेवर मुंगी झोपली होती आणि शिट्टी वाजत होती. खिडकीबाहेर लॉन्ड्रीची वाफ तरंगत होती.

"मला एक सांग," ताई म्हणाली. "एखाद्या ग्रहावर कुणी राहतं की नाही, हे तुला इथे बसून कसं कळतं?"

"झालं," भावजय कपबशा ठेवत म्हणाली. "ताई, आता तुमचा चहा गार झाला म्हणून समजा."

धाकटा खुलला. "दिसत तर काहीच नाही गं. साधा ठिपकासुद्धा नाही. पण त्या ग्रहाच्या हवेतून गाळून आलेला उजेड आपल्याला मिळतो. त्यावरून हवेत काय काय आहे ते कळतं. मेलेल्या ग्रहाची हवा निवांत असते. जे व्हायचं ते केव्हाच होऊन गेलेलं असतं. पण जिथे कुणी श्वास घेतं, तिथली हवा कधी स्वस्थ बसत नाही. जे संपायला हवं ते संपत नाही, कारण कुणीतरी ते भरत असतं. हवेचं गणित सुटेनासं झालं की आम्ही म्हणतो, आहे. कुणीतरी आहे."

"न बघताच?"

"बघायचं कशाला? हवा दिसली की झालं."

ताईने कप हातात धरून ठेवला. "आणि आधी कुणीच नसेल, तर ती जागा राहण्याजोगी होते कशी?"

"हा खरा प्रश्न." तो पुढे सरकला. "आयती मिळत नाही अशी जागा. आपल्याच पृथ्वीवर सुरुवातीला आपल्याला लागतो तो प्राणवायू नव्हता. डोळ्यांना न दिसणाऱ्या बारीक जिवांनी तो कोट्यवधी वर्षं सोडून सोडून हवा भरली. आधी कुणीतरी राहून जागा तयार करतं, ताई. मग बाकीचे येतात."

"आणि त्या आधीच्यांचं काय होतं?"

"तो प्राणवायू त्यांतल्या कितीतरी जणांना विष ठरला. पण सगळे नाही मेले. काही खाली गेले, चिखलात, जिथे ही हवा पोचत नाही. अजून आहेत." त्याने खाटेकडे बघितलं आणि आवाज खाली आणला. "आमच्या घराचं कधी होतंय?"

"बघते," ताई म्हणाली. चहा खरोखरच गार झाला होता.

त्याच आठवड्यात शाळेतून फोन आला. मुंगी वर्गातच कोसळली होती, ओठ निळे पडले होते. दोन दिवस ती इस्पितळात नळी लावून होती. तिसऱ्या दिवशी दुपारी तिला सोडलं, तेव्हा ताईही बरोबर होती. रिक्षात बसल्यावर भावजय म्हणाली, "मी आज हिला त्या भिंतींत परत नेणार नाही." ती मोठ्याने बोलली नाही. नुसतं सांगितलं. "निदान तासभर तरी दुसरीकडे बसू या. किल्ली आहे ना तुमच्याकडे, ताई?"

किल्ली होती. नाही म्हणायला ताईला कारणही सापडेना.

मुंगीला धाकट्याने उचलून पाच जिने चढवले. दार उघडलं तसा तो वास ताईच्या नाकात शिरला. बाकी कुणाला जाणवला नाही. मुंगी खाली उतरली, चपला काढून उंबऱ्याशी नीट ओळीत ठेवल्या आणि कुणी काही सांगायच्या आत सरळ डावीकडच्या खोलीत गेली.

"ही माझी," ती म्हणाली.

तिथे खिडकीतून फरशीवर उन्हाचा चौकोन पडला होता. त्यात ती आडवी झाली आणि पाहता पाहता झोपली. तिघं मोठी माणसं भिंतीला टेकून बसली. थोड्या वेळाने भावजयीने मान वर केली. धाकट्यानेही. शिट्टी थांबली होती. मुंगीची छाती संथ वरखाली होत होती आणि खोलीत चिडीचूप शांतता होती. भावजयीने पदर तोंडाला लावला आणि ती आवाज न करता रडली.

ताईच्या पिशवीत डबी होती. तासाभराने तिने ती पिशवीतल्या पिशवीत चालू करून बघितली. तासभर बसलेल्या चौघांचा आकडा किती व्हायला हवा, हे ती झोपेतही सांगू शकली असती. पडद्यावरचा आकडा सात माणसांचा होता.

तिने डबी बंद केली. सोमवारी ऑफिसात तिने फॉर्म पुढ्यात घेतला. सगळे आकडे मर्यादेच्या आतच होते. ऊब योग्य, ओल योग्य, वायू योग्य. बावीस वर्षांत तिने इतकी चांगली हवा क्वचित पाहिली होती. ती हवा कुणी वापरून झालेली आहे का, असा रकाना फॉर्मात नव्हता. शेवटच्या ओळीत तिने लिहिलं, राहण्यास योग्य. आणि सही केली.

दाखला निघाला त्या दिवशी रखवालदार नोकरी सोडून गेला. पंधरवड्यात सगळी घरं भरली.

पुढचे महिने सुखाचे गेले, हे सांगायलाच हवं. मुंगीला परत झटका आला नाही. तिची औषधं आधी अर्धी झाली, मग बंद झाली. ती जिने धावत चढू लागली आणि वर पोचून धापही टाकत नसे. धाकट्याचं डोकं दुखायचं थांबलं. भावजयीचा रंग उजळला. डॉक्टर म्हणाले, जागेचा गुण. ताई दर रविवारी जायची आणि घरी परतताना स्वतःलाच दटावायची, की बाई गं, सगळं चांगलं चाललंय, आता डबी डोक्यातून काढ.

पण सवय वाईट. एका सोमवारी तिने त्यांच्या फडताळावर, डब्यांच्या रांगेत एक पांढरी डबी ठेवून दिली. बुधवारी ते तिघंही भावजयीच्या माहेरी गेले, तिच्या आईच्या डोळ्याचं ऑपरेशन होतं म्हणून. रविवारी सकाळी परतले. मधल्या गुरुवारी कुंड्यांना पाणी घालायला ताई जाऊन आली, घरात अर्धा तास बसली, दार लावून निघाली. रविवारी तिने डबी पिशवीत टाकून नेली आणि घरी जाऊन कॉम्प्युटरला लावली.

सोमवार, मंगळवार: तिघं माणसं. बरोबर.

बुधवार: तिघं. गुरुवार: तिघं. शुक्रवार, शनिवार: तिघं.

ते निघाले त्या क्षणी रेघ खाली आली नव्हती. परतले त्या क्षणी वर गेली नव्हती. ते घरात असोत नाहीतर शंभर कोस दूर असोत, रेघेला त्याचं काही नव्हतं. गुरुवारी मात्र सव्वाअकरा ते पावणेबाराच्या मधे ती एका माणसाने उचलल्यासारखी उठली होती आणि मग हळूहळू खाली आली होती.

तिचा अर्धा तास रेघेने मोजला होता. फक्त तिचा.

ताईने पेन्सिल उचलली. मग तिने ते सगळं एका कागदावर नीट मांडलं, जसं ती साहेबांसाठी मांडायची. आधी त्या घरात तिघांचा श्वास होता. इस्पितळातून आले त्या दिवशी सात जणांचा होता. आता ते राहायला आले, आणि पुन्हा तिघांचाच आहे. तिने कागद उलटा करून ठेवला.

पुढच्या रविवारी ती सकाळी लवकर गेली. थंडी पडली होती, पण घरात छान ऊब होती. भावजयीने हसून दार उघडलं. स्वयंपाकघराला लागून एक लहानशी खोली होती, कायम बंद असायची. त्यातून वास येत होता, अंथरुणाचा.

"इथे कोण झोपतं?" ताईने विचारलं.

"कुणी नाही." भावजय कपड्यांच्या घड्या घालत होती. "तुमच्यासाठीच ठेवलीय, ताई. एकट्या किती दिवस राहणार तिकडे?"

भावजय आत गेली तेवढ्यात ताईने ते दार ढकललं. खोली रिकामी होती. एक खाट, त्यावर साधी चटई. तिने डबी आत धरली. एक माणूस.

धाकटा बाल्कनीत कुंड्यांपाशी उभा होता. ती त्याच्या शेजारी जाऊन थांबली. मागे सरकतं दार बंद होतं, घराची ऊब त्यापलीकडे होती.

"तुम्ही गावाला गेलात ना," ती म्हणाली, "त्या चार दिवसांत या घरात कुणीतरी होतं."

तो वळला नाही. एक पिवळं पान खुडून त्याने मुठीत धरलं. हवेवर तासन्‌तास बोलणारा तिचा भाऊ ते पान चुरडत राहिला.

"ताई," तो शेवटी म्हणाला, "मुंगी बरी आहे ना?"

"आहे."

"मग?"

ताईने सरकतं दार उघडलं. ती आत आली, चपला घातल्या, काम आहे असं काहीतरी पुटपुटली. नेहमीप्रमाणे तिघंही तिला पोचवायला खाली फाटकापर्यंत आले. ऊन अजून वर आलं नव्हतं. गवतावर दव गोठलं होतं. शेजारचे एक आजोबा कुणाशी तरी बोलत फेऱ्या मारत होते, दोन मुलं चेंडू खेळत ओरडत होती. भावजय बोलत होती, पुढच्या रविवारी जेवायलाच या, आणि सामान हळूहळू आणलं तरी चालेल. धाकटा मान हलवत होता.

"येते मी," ताई म्हणाली, आणि तिच्या तोंडातून पांढरी वाफ निघाली.

ती वाफ चौघांच्या मधे क्षणभर तरंगली आणि विरली. भावजय अजून बोलत होती. पलीकडे मुलं अजून ओरडत होती, आजोबा अजून बोलत होते. त्या सगळ्या अंगणात दुसरी वाफ कुठेच नव्हती.

मुंगीने मान वर केली. दोन्ही हात ओंजळीसारखे ताईच्या तोंडापुढे धरले आणि ती कौतुकाने बघत राहिली.

"आत्या," तिने विचारलं, "हे तू कसं करतेस?"